आणखी काय म्हणाला?

गोंदरच्या किल्ल्यात मुलुकेन
सकाळी नवाला सुरू होतो:
हा दरबार, हा हमामखाना,
हे सिंहांचे पिंजरे. रिकामे.
फोटो काढा, दहा मिनिटं.

दुपारी सिमेनच्या कड्यावर
गेलाडा माकडं गवत उपटत बसलेली,
खुरपणीच्या बायकांसारखी पुटपुटत,
आमच्याकडे पाठ करून.
सोबत अयेनेव, सरकारी पहारेकरी,
खांद्यावर जुनी बंदूक, पायात प्लास्टिकच्या चपला.
तासभर अवाक्षर नाही,
आणि एकाएकी बोलायलाच लागला,
हवेत बोटांनी गज ओढत.

मुलुकेन जरा थांबला.
"लहानपणी हा बापाबरोबर
तिथं मांस टाकायला जायचा.
रात्री सिंह ओरडला
की सगळं गाव कूस बदलून झोपायचं.
मग एकदा ओरडणं थांबलं.
त्या आठवड्यात कुणाचा डोळा लागला नाही."

अयेनेव अजून बोलतच होता.
आणखी काय म्हणाला?
मुलुकेननं घड्याळ पाहिलं.
"म्हणतो, पाऊस येईल. गाडीत बसा."

आभाळात ढग नव्हता.

देबार्कला अयेनेव उतरला,
मागं वळून पाहिलं नाही.
गोंदरला पोचेतो रात्र.
हॉटेलची खिडकी किल्ल्याकडे उघडते,
हे सकाळी लक्षात आलं नव्हतं.
दिवा मालवला.
बराच वेळ
एकाच कुशीवर पडून राहिलो.