दर अक्षरी पाचशे फिल्स

मनामाच्या जुन्या सूकमध्ये, सोनारगल्ली संपते तिथे
पितळी पाट्यांचं दुकान. वर नाव: अल्-सफ्फार.
अकरा वर्षं मी तिथे दुसऱ्यांची नावं कोरली
आणि मग एका दुपारी चहा ओतता ओतता जासिम म्हणाला,
सफ्फार म्हणजे तांबं-पितळ ठोकणारा.
आजोबा ठोकायचे. मी नुसता विकतो.

मी गारच पडलो.
माझ्या पासपोर्टवर लिहिलंय: तांबट.
म्हणजे एकाच आडनावाची दोन माणसं
एका काउंटरच्या दोन बाजूंना बसून
मोडक्या हिंदीत पगारावरून भांडत होती.

दर जूनमध्ये ब्रिटिश शाळेचे कप येतात.
मिस वेनराइट खोक्यावर बसून नावं वाचते, मी कोरतो.
फ्लेचर, पोहण्यात पहिला:
याचे पूर्वज बाणांना पिसं लावायचे.
चँडलर: मेणबत्त्या.
वॉकर चालायचा नाही, ओली लोकर तुडवायचा.
आणि तुम्ही?
गाड्या, ती म्हणाली. लाकडी, बैलांच्या.
बाहेर तिच्या निसानला दंडाची चिठ्ठी लागत होती.
म्हटलं, यांच्यातही बलुतेदार होते तर!
आम्हाला वाटायचं, सगळे साहेब म्हणूनच जन्मले.

मग मार्चमध्ये तो म्हातारा आला.
तागाचा कोट, कोपराला विटलेला.
कागदावर लिहून आणलेलं: सर ह्यूगो लॅटिमर,
आणि शेवटी बी, टी, टिंब.
हे काय?
बॅरोनेट. मी बारावा.
राजाला पैशांची चणचण होती तेव्हा घेतलेला किताब,
बापाकडून पोराकडे, पोराकडून नातवाकडे.
जमीन गेली. घरात आता वृद्धाश्रम आहे. किताब राहिला.
मी म्हटलं, आमच्याकडे पाटीलकी असायची. वतन.
वतन! जासिमला तेवढाच शब्द कळला.
त्याने छातीवर हात ठेवला.
त्याच्या भाषेत तो देश होता.

मुली तीन, पण त्यांना मिळत नाही.
कॅनडात एक चुलतभाऊ आहे, दातांचा डॉक्टर,
त्याच्याकडे जाईल. त्याला नकोय.

मग भाव ठरला. जासिमला इंग्रजी येत नाही, सरांना अरबी.
मध्ये मी. इकडचं तिकडे, तिकडचं इकडे.
दर अक्षरी पाचशे फिल्स. टिंब फुकट.
'सर'ची इंग्रजीत तीन अक्षरं, दीड दिनार,
बी-टीचा एक.
चारशे वर्षं अडीच दिनारात बसली,
त्यातलाही अर्धा जासिमने सोडला, पाहुणा म्हणून.

जूनमध्ये विचारलं, मिस, लॅटिमर म्हणजे?
कप पुसता पुसता ती थांबली.
दुभाषा, म्हणाली. जुन्या काळी लॅटिन जाणणारा,
दोघांच्या मध्ये उभा राहून बोलणं पोचवणारा.

आमच्या वर्गात एक दुभाषी होती, केळशीची.
दुसरी कुठली येते गं, विचारलं होतं तिला.
पहिलीतच नापास होतेय, ती म्हणाली.

आडात नाही ते पोहऱ्यात कुठून, आई म्हणायची.
इथे बसून बघतो तर उलटंच:
आड कधीचा बुजलाय,
पोहरा मात्र लोंबतोय दोराला, पिढ्यान् पिढ्या,
घासून लख्ख.

पाटी ड्रॉवरमध्येच आहे. तो न्यायला आला नाही.
फोन केला की एक बाई नंबर बंद असल्याचं
आधी अरबीत सांगते, मग इंग्रजीत.
जासिमच्या पोराने लेझरचं मशीन मागवलंय.
काका, तुम्ही नुसतं बटण दाबा.
दाबीन.

काल दुकान बंद करताना ध्यानात आलं,
टिंब राहिलंय. बी-टीनंतरचं, फुकटातलं.
पाटी काढली. खिळा धरला. एकच टोला.
आतून जासिम ओरडला, कोण आलं?
कुणी नाही, म्हटलं,
तोंडात आली त्या भाषेत.