खोलीचा आवाज

कॉलरला माइक लावायला गेले
तर बाबांनी दोन्ही हात वर केले.
एकतीस वर्षं नोटांच्या प्रेसमधून सुटताना
फाटकावर रोज असेच उभे राहिलेले,
दुसऱ्यानं खिसे चाचपून होईपर्यंत.
सादिक म्हणाला, काका, हात खाली.
खाली केले. मग कुठं ठेवायचे ते कळेना.

जेल रोड, दुसरा मजला, सकाळचे दहा.
पडदे ओढून ऊन बाहेर घालवलं
आणि भाड्याचा दिवा आत आणला.
त्या दिवशी काय झालं, मी विचारलं,
जशी काही मी त्या दिवशी इथं नव्हतेच.

भूषण सव्वासहाला निघाला, बाबा म्हणाले.
चेहेडीला, दारणेवर. मित्र होते.
पोहता येत होतं त्याला.
तेवढ्यात खाली भंगारवाला ओरडला.
सादिकनं मान हलवली, परत घ्यावं लागेल.

परत घेतलं.
भूषण सव्वासहाला निघाला.
पेट्रोलला शंभर रुपये मागत होता,
मी नाही म्हणालो.
मग मित्राच्या मागे बसून गेला.
पोहता येत होतं त्याला.

अकरा वर्षांत हे शंभर रुपये
आमच्या घरात कुणी पाहिले नव्हते.
मी फोकस तपासला. फोकस ठीक होता.

आई कॅमेऱ्यासमोर येणार नव्हती.
माझं तोंड कशाला, त्याचे फोटो घे.
स्वयंपाकघराचं दार लोटून
शंकरपाळे तळत बसली, सादिक आवडीनं खातो म्हणून.

शेवटी खोलीचा आवाज घ्यायचा असतो.
एक मिनिट कुणी बोलायचं नाही, हलायचं नाही.
नंतर जिथं जिथं कापू
तिथं खाली अंथरायला लागतो तो.
भूषण गेला तेव्हा
दहाव्याला किती पानं, गंगेवर कोण कोण, गुरुजी कधी,
मिनिटभर गप्प बसायला सवड नव्हती कुणाला.
मी ओरडून सांगितलं, हलू नका कुणी.
फ्रीज. पंखा. बाबांचं नाक.
आणि मागे काहीतरी बारीक चरचरत होतं,
सादिकला हेडफोनमध्ये उमगेना.

मार्चमध्ये पहिला कट दाखवला.
बाबांनी लॅपटॉप उजेडाकडे तिरका धरला,
तपासायचा ताव धरावा तसा.
इथं जोड दिसतोय, म्हणाले. इथं. आणि इथं.
तिन्ही बरोबर.
शंभर रुपयांपाशी काहीच बोलले नाहीत,
नुसती मांडी बदलली.

आई मागे उभी होती.
ते गप्प बसवलं होतंस, ते आहे का यात?
मी ती फाइल वेगळी काढून लावली.
फ्रीज, पंखा, नाक. चरचर.
ही मी, आई म्हणाली.
मग जरा वेळानं,
अख्खा घाणा करपला त्या दिवशी.
हलू नका म्हणाली होतीस ना.