या नावानं परिचित

दुकानाला दारं दोन.
एकातून पोरं यायची रॉकेलची बाटली घेऊन,
खारा मासा, आगपेटी,
आई म्हणाली पैसे शनिवारी.
दुसऱ्यातून बाप यायचे.
मधे छातीएवढी लाकडी फळी,
आणि दोन्हीकडे पुरून उंडीन मावशी.
पोराच्या हातावर सुटे पैसे ठेवता ठेवता
बापाच्या पेल्यात बर्फ टाकायची, हातानंच,
आणि एकाचं दुसऱ्याला सांगायची नाही.

समोर चॅपेल. रविवारी प्रार्थना चालू असेतो
ती पुढची झडप अर्धी ओढायची.
अर्धीच. पाद्रीबाबांनाही तेवढी पुरायची.

इथे कुणी स्वतःच्या नावानं प्यायला नाही.
बिशप होता, जो चर्चची पायरी कधी चढला नाही.
डबल-सिक्स. रेनकोट.
अर्धा-बस, ज्याचं घर शेवटच्या थांब्याला
पण दुकान आधी लागायचं.
आणि लँटर्न. का, ते कुणालाच आठवत नव्हतं.
कुणी म्हणे वादळाच्या रात्रीमुळे, कुणी म्हणे नाकामुळे.

उधारीच्या वहीतही हीच नावं.
एकदा सरकारी माणूस वही तपासायला आला,
पानं उलटत राहिला, घाम पुसत राहिला,
मग त्यानंही एक छोटी बाटली मागवली.
जाईपर्यंत त्याचं नाव पडलं होतं: पावती.

संध्याकाळी साडेसहाला रेडिओ मेलेल्यांची नावं वाचतो.
तेव्हा डॉमिनोज थांबत नसत, फक्त
एरवी आपटायच्या सोंगट्या
अलगद टेकवल्या जात.
त्या मंगळवारी बाई वाचत होती:
क्लेमेंट ऑगस्टस इनिस, वय एकाहत्तर,
निवृत्त ऊसतोड कामगार,
ब्रुकलिनच्या मर्लीनचे वडील.
मान कुणी वर केली नाही.
"असेल कुणी दक्षिणेकडचा," बिशप म्हणाला,
आणि त्यानं पाच-तीन लावला.
बाईनं श्वास घेतला.
"लँटर्न या नावानं परिचित."

रेनकोटची सोंगटी हातातच राहिली.
चौथी खुर्ची तीन आठवडे
भिंतीला टेकवून ठेवली होती, येईल म्हणून.
शहरात नेलं होतं त्याला, पायासाठी.
जन्मभर त्यानं साखर तोडली,
शेवटी साखरेनं त्याचा पाय तोडला,
आणि तिचीच मळी, चार वर्षं पिंपात झोपून उठलेली,
आमच्या पेल्यांत होती.

मावशीनं एक भरला, उंबऱ्याबाहेर ओतला.
जमिनीनं तो एका घोटात घेतला, त्याच्यासारखाच.

मग काय झालं कुणास ठाऊक,
अर्धा-बस उभा राहिला, शाळेत हजेरीला राहतात तसा:
"फिट्झरॉय नथॅनियल ट्रॉटमन."
कुणीतरी हसलं. मग रेनकोटनं सांगितलं, टोपी काढून.
डबल-सिक्सला मधलं नाव आठवेना,
त्यानं बोटांवर मोजून पाहिलं.
बिशप "सिल्व्हेस्टर" म्हणाला आणि पुढे बोललाच नाही,
आडनाव बापाचं होतं, बाप पनामाला गेलेला.
मी तेव्हा तेरा वर्षांची,
सगळी नावं वहीच्या शेवटच्या पानावर उतरवून घेतली.

मावशीनं पाहिलं. पान फाडलं,
त्यात तळलेला मासा बांधून बिशपच्या हाती दिला.
"उद्या येशील तेव्हा बिशपच ये," म्हणाली,
"मला पुन्हा हिशेब मांडायला लावू नकोस."
तिनं स्वतःचं नाव सांगितलं नाही.
त्याच्या शेवटी एका नवऱ्याचं आडनावही होतं,
हे मला नऊ वर्षांनी कळलं. साडेसहालाच.

आता फळीमागे मी असते.
कागदातल्या त्या नावांपैकी दोन आठवतात,
कुठलं कुणाचं ते नाही.
लँटर्नच्या नावावर सव्वाअकरा डॉलर आहेत अजून.
पोरं आता रॉकेल नेत नाहीत, फोनचं रिचार्ज मागतात,
खुर्च्या प्लॅस्टिकच्या झाल्या.
साडेसहाला मी रेडिओ थोडा मोठा करते
आणि प्रत्येक नावानंतर
बाई श्वास घेऊन पुढचं सांगेपर्यंत
कुणाचाच पेला भरत नाही.