मेंढ्यांच्या पाठी

दहा किलोमीटर, चव्वेचाळीस मिनिटं दहा सेकंद.
दोन वर्षं झाली, त्या दहा सेकंदांच्या दारात उभा आहे,
आत काही घेत नाहीत.

सूरोय बेटावर झाड नाही, आडोसा नाही.
क्वालबाच्या वळणावर वारा
थेट समुद्रावरून येतो
आणि छातीवर हात ठेवून विचारतो, कुठे निघालास?

रान्वाबाईनं चाळीस वर्षं या खिंडीतून टपाल वाहिलं.
आता गुडघे गेलेत. खिडकीत बसून विणते,
टाके मोजते, आणि माझी पावलंही.
एकदा दार उघडून ओरडली,
"कमरेत वाकतोस! पत्र पडलंय का खाली?
घोट्यातून झुक. पाऊल आखूड टाक.
वारा म्हणजे उंची नसलेला चढ.
चढावर कुणी ढांगा टाकतं?"

मग हळूहळू बाकीचं.
निघण्याआधी मेंढ्या बघायच्या,
त्यांनी पाठ केलेली असते तिकडून वारा.
जाताना तो तोंडावर घ्यायचा,
येताना पाठीवर.
उलट केलंस तर परतताना घाम गोठतो.
"हे मला मेंढ्यांनी नाही, न्यूमोनियानं शिकवलं."
माझं घड्याळ काढून घेतलं
आणि पावाच्या डब्यात टाकलं.
"तीन आठवडे नुसता श्वास मोज."

मोजला.
तीन पावलं आत, तीन बाहेर,
वळणापाशी दोन, दोन.
मासळीच्या कारखान्यात पाळीवर
सुरीही त्याच तालात पडू लागली.
मुकादम तुमास म्हणाला, बरा आहेस ना?

शर्यतीच्या दिवशी वारा पडला.
असा दिवस इथे वर्षातून एखादाच.
चिमण्यांचा धूर सरळ वर,
मेंढ्यांची तोंडं वाट्टेल तिकडे.
मी सवयीनं झुकलो, तर टेकायला कुणी नाही.
अंधारात जिना संपल्यावर
आणखी एक पायरी समजून पाय टाकावा,
तसा गेला पहिला किलोमीटर.

चव्वेचाळीस मिनिटं, चार सेकंद.

रान्वाबाईनं डब्यातून घड्याळ काढलं,
पट्ट्यातला चुरा फुंकला.
"चार उरले? असू देत.
वेळेवर असं मीही कधी पोचवलं नाही.
ओलं मात्र कुणाला दिलं नाही."

बाहेर कुरणात एक मेंढी वळली,
मग दुसरी,
मग सगळ्याच पाठ फिरवू लागल्या.