निरंक

सहा जण आम्ही, एक व्हॅन,
आणि सातवी राव्डना. फावडं मांडीवर आडवं,
मूल झोपवावं तसं.
उत्सयोकीच्या वरच्या अंगाला सकाळचे अकरा वाजलेत
आणि उजेड एवढाच,
की डोंगरापलीकडे कुणी कंदील पेटवून
त्याच्यावर निळं पातळ टाकलंय.

जाहिरातीत आकाशभर हिरवं होतं.
चार रात्री नुसते ढग.
लीवे, गेंटची दंतवैद्य, कॅमेऱ्याच्या बॅटऱ्या
काखेत घेऊन झोपते, गारठू नयेत म्हणून,
आणि दर तासाला उठून पडदा सारते.

"चला, खणू या," राव्डना म्हणते,
जणू दुसरं काही ठरलंच नव्हतं.

गुडघ्यापर्यंत, मग मांडीपर्यंत. अडुसष्ट सेंटिमीटर.
भिंत तासून घेतली की थर दिसतात.
मला त्यांची नावं येत नाहीत,
माझ्याकडे आहेत ती डब्यांची:
वर पिठीसाखर, मग बारीक रवा, जाडा रवा,
खाली खडीसाखर, हातमोज्यात घेतली
तर सुटी सुटी होऊन ओघळणारी.
आणि तिच्याही खाली, जमिनीला लागून,
बोटभर जाड काच.

राव्डनाने दांड्याने ठोकून दाखवलं.
टण्.
"डिसेंबरच्या नऊ तारखेला इथे पाऊस पडला."
घरातली चोरी सांगावी तशा आवाजात.
काचेखाली दगडफुलाच्या जातीचं काहीतरी, रेनडियरचं अन्न.
उकरून उकरून खूर सोलतात, तोंड पोचत नाही.
ह्या काचेला तिच्या भाषेत शब्द आहे, चुओह्की.
तो फोनवर ऐकला की तिचा भाऊ निल्लास
पुढचं काही विचारत नाही,
चाऱ्याच्या गोण्या मोजायला जातो.

आकडे दक्षिणेला जातात, कुठल्याशा विद्यापीठात.
कोण वाचतं, तिलाही माहीत नाही.
"लिहायचं. आणि पेन्सिलीने. शाई गोठते."

दुपारी, तिला दुपार म्हणायचं तर,
खुरट्या बर्चमधून दोन किलोमीटर,
पांढऱ्या रानकोंबड्यांच्या मागावर,
ज्यांच्या पायांच्या बोटांनाही पिसं असतात.
ठसे मोजायचे. लिहायची पाळी माझी.

एकही नाही.

एवढ्या लांब आलोय, पैसे मोजलेत,
पापण्या एकमेकींना चिकटतायत,
आणि शून्य काढायला हात होईना.
तो तिकडे खळगा दिसतोय, तो धरू या का? एक?
राव्डना वाकली. "फांदीवरून पडलेला बर्फ."
मग सरळ होत, न रागावता:
"जागा रिकामी ठेवलीस तर त्यांना वाटेल, आपण आलोच नाही."

मी शून्य काढलं. आणि सवयीने समासात
सत्तावीस वर्षं मासिक अहवालांत लिहिलेला,
तालुक्याच्या कचेरीतला शब्द: निरंक.

"हे काय?"
सांगितलं. महिन्यात काही घडलं नसलं
तरी घडलं नाही हे कळवावं लागतं, पाच तारखेच्या आत.
नाही कळवलं तर स्मरणपत्र येतं.
ती एवढी हसली
की मफलरवर धरलेला बर्फ तडकला.

रात्री पुन्हा ढग.
दोन वाजता दार वाजलं, लीवे बाहेर.
तीनला परत, बूट न काढता शेगडीपाशी बसलेली.
कुणी काही विचारलं नाही.

सकाळी लापशीच्या वाडग्याशेजारी तिने वही उघडली.
आकाशाचा रकाना. पाचवी रात्र.
"तो तुझा शब्द कसा काढायचा?"
मी टेबलावर सांडलेल्या साखरेत बोटाने गिरवून दाखवला.
तिने उतरवला, जीभ दातांत धरून,
आधी रेघ, मग तिला टांगलेली अक्षरं.
अनुस्वार मात्र क-वर पडला.

खोडणार होती.
"राहू दे," राव्डना म्हणाली,
व्हॅनची किल्ली खिशाखिशांत शोधत.
"वहीत खाडाखोड चालत नाही."