उतरंड

शेवटचे चार महिने
पगार पातेल्यांतच मिळाला.
निळी, पांढऱ्या काठाची.
टाट्राच्या पायथ्याशी घरोघर उतरंडी,
शिजवायला मात्र बटाटे.

एर्विन म्हणाला, भट्टी लिलावात निघालीय.
कुणी बोललं नाही.
योलानाने आपलं सर्वांत मोठं पातेलं
चर्चच्या पायरीवर, बर्फात ठेवलं,
आणि आत अंगठी टाकली.
ठण्ण.
एनॅमलचा आवाज लपत नाही.

मग बेकरीवाल्याने टाकली उधारीची वही,
अख्खी.
पोरांनी सहलीचे पैसे.
बोहुमिरने, जो वर्षभर कुणाशी बोलला नव्हता,
भट्टीखोलीची किल्ली. चोरलेली.
सगळ्यांना ठाऊक होतं.

बेरीज मी करत होते.
कमी पडत होती. अजून पडते,
बँकेचा माणूस दर महिन्याला येतो,
आम्ही त्याला सूप देतो.

पूर्वी नऊशे होते, आता पाळीवर चाळीस.
भोंगा विकला गेला,
म्हणून पहाटे योलाना खिडकीत
पळीने पातेलं बडवते,
उतारावर एकेक दिवा लागतो,
बोहुमिरचा सर्वांत आधी.

पहिल्या घाण्यातला मग माझ्याकडे आहे.
काठाला टवका उडालेला.
ओठ जरा वळवून
कॉफी पिते.