चौकटीच्या खाली

माझा नियम साधा होता:
घडी घातलेली एक चादर, तिच्यावर समोरासमोर दोन माणसं,
बॅटरी संपेपर्यंत एकमेकांकडे बघायचं.
बोलायचं नाही. मी कापणार नाही.

घोंगडे वस्तीतले दोघे भाऊ,
माग वाटून घेतल्यापासून अबोला.
चौथ्या मिनिटाला धाकटा उठला,
"चहा सांगतो" म्हणून गेला तो आलाच नाही.
नव्या लग्नाचं एक जोडपं नुसतं हसत राहिलं.
मी ते सगळं ठेवलं. रिकामी जागासुद्धा.

मग अंबूबाई गाजूल. नवरा राजमल्लू,
चौतीस वर्षं यंत्रमागावर, कान तिथंच ठेवून आलेला.
मे महिना, पत्र्याखालची दुपार,
भिंतीपलीकडे शेजाऱ्याचे आठ माग,
खटाखट इतकी की माझ्या ध्वनिमुद्रकानं
हेडफोन काढून गळ्यात टाकला.

अंबूबाईला नियम पटेना.
"रिकाम्या हातानं कसं बघायचं कुणाकडं?
सांजच्याला हजार मोजून द्यायच्यात."
मी म्हटलं, बरं, सूप घ्या मांडीवर.
(हा माझा पहिला पराभव. आता त्याला पद्धत म्हणतात.)

पान, तंबाखू, वळ, दोरा.
पान, तंबाखू, वळ.
ती त्याच्याकडे बघत होती, बोटं आपली आपण चालत होती.
तो तिच्याकडे, खरं तर तिच्या कपाळाकडे,
जिथं घाम कुंकवापाशी येऊन अडला होता.
मी चौकट चेहऱ्यांवर आवळली.
जवळीक चेहऱ्यात असते असं शिकून आले होते.

सातव्या मिनिटाला वीज गेली.
सगळी गल्ली एका दमात थांबली.

आणि दचकला तो.
ज्याला ऐकू येत नाही, तो.
मला कळायला दोन दिवस लागले:
खालची शहाबादी थरथरायची थांबली होती.
त्यानं चादरीच्या कडेला हात टेकवला,
आजाऱ्याच्या कपाळावर ठेवावा तसा.
तिनं सूप सरकवलं, आपला हात त्याच्या हाताशेजारी ठेवला.
शेजारी. वर नाही.
दोघं बराच वेळ फरशी बघत राहिली,
आत काही उरलंय का.

हे मी पाहिलं, कॅमेऱ्यानं नाही.
बोटभर झुकवला असता तर पुरलं असतं.
झुकवला नाही.
पडद्यावर नुसते दोन चेहरे खाली बघतायत,
आणि दिवे लागल्यावर कुणीतरी विचारतंच,
काय बघतायत ते?
मी पाणी पिते.

अख्ख्या फिल्ममध्ये एकच संवाद आहे, तोही नियम मोडून.
अंबूबाई हळू बोलते,
त्याला ऐकू जाणं शक्यच नाही इतकं हळू:
"करंट पोयिंदी."
तो मान हलवतो.
खाली मी अक्षरं दिलीयत: वीज गेली.
भाषांतर बरोबर आहे. तीनदा तपासून घेतलं.